नियम अकरा आणि वळणावरचा दिवा

कायद्याला सूर्यास्ताचे फार महत्त्व वाटते. सूर्यास्तानंतर कोणाला अटक करावी, कोणाला करू नये, याचा त्याने बारकाईने विचार केलेला आहे. पंचांगकर्ते तर सूर्यास्ताची वेळ मिनिटापर्यंत छापतात. एका कारखान्याच्या विधी विभागात सव्वीस वर्षे मसुदे लिहिल्यामुळे छापील वेळेवर माझाही विश्वास होता. पुढे नदीकाठच्या पाणथळीवर लोकांना संध्याकाळचे पक्षी दाखवण्याचे काम मी सहा हिवाळे केले, आणि सूर्यास्त नेमका केव्हा झाला हे कोणालाही शपथेवर सांगता येणार नाही, हे मला तेथे कळले. सूर्य जातो, पण उजेड जात नाही. उजेड जातो, पण पाण्याला ते पटत नाही. पाणीही काळे पडते, तरी एखाद्या बगळ्याच्या पाठीवर थोडासा दिवस शिल्लक राहतो.

देश जगाच्या बाजाराला मोकळा झाला, असे त्या काळी वर्तमानपत्रांत रोज येत असे. त्या मोकळेपणात आमच्या कारखान्याने मलाही मोकळे केले. त्या कागदाला स्वेच्छानिवृत्ती असे नाव होते. त्याचा मसुदा मीच केलेला असल्यामुळे त्यात स्वेच्छा कितपत होती, हे मला अचूक ठाऊक होते. मी कोथरूडच्या घरात बसून पत्रे लिहू लागलो. विषय मुख्यतः एकच : शहराच्या पूर्वेला नदी जेथे वळते, तेथील पाणथळीत रोज ओतला जाणारा राडारोडा. पाडलेल्या घरांच्या विटा, फरशा, कमोड, सगळे नदीत. मी ट्रकचे क्रमांक कळवले, वेळा कळवल्या, कलमे उद्धृत केली. उत्तर आलेच, तर 'आपले पत्र योग्य त्या कार्यवाहीसाठी पुढे पाठवले आहे' असे येई. पुढे म्हणजे कोठे, हे विचारण्यासाठी मी आणखी एक पत्र लिहीत असे.

त्या जागेला आम्ही नुसते 'वळण' म्हणत असू. नदी तेथे मंद होते, पसरते आणि आपण पुढे जाणार आहोत हे थोडा वेळ विसरते. काठाला पुरुषभर उंचीचे पाणकणीस, मध्ये चिखलाची बेटे, पलीकडे बाभळी. हिवाळ्यात उत्तरेकडची बदके येत, लांब लाल पायांचे शेकाटे येत, आणि कधी वाट चुकल्यासारखे समुद्रावरचे कुरवही येत. पुण्यात समुद्र नाही, ही गोष्ट कुरवांना कोणी कळवलेली नसावी. पलीकडे पूर्वेला एका संगणक कंपनीची काचेची इमारत उभी राहिली, तेव्हापासून वळणावर दोन सूर्यास्त होऊ लागले : एक पश्चिमेला, खरा, आणि दुसरा पूर्वेला, काचेत. मधल्या पाण्याला दोन्ही सारखेच खरे वाटत. त्या इमारतीविरुद्ध मी अकरा पत्रे लिहिली आहेत. पण तो दुसरा सूर्यास्त सुंदर होता, हे नाकारणे खोटेपणाचे ठरेल.

त्याच कंपनीने मला काम दिले. कर्मचाऱ्यांचा ताण घालवण्यासाठी दर शनिवारी एक गट वळणावर न्यावा, अशी कल्पना निघाली होती. व्यवस्थापक दीक्षित हे तिशीतले, चटपटीत गृहस्थ मला भेटायला घरी आले.

"सर, साधारण किती बर्ड्स दिसतील? एक आकडा कमिट करा ना."

"पक्ष्यांशी माझा करार झालेला नाही," मी म्हणालो.

"म्हणजे गॅरंटी काहीच नाही?"

"सूर्य मावळेल. तेवढे लिहून देतो."

दीक्षितांना ते विनोदी वाटले आणि काम मला मिळाले.

या कामात पक्षी दाखवायचे असतात, असा बाहेरच्यांचा समज असतो. पक्षी दिसतातच. मार्गदर्शकाने माणसांना गप्प करायचे असते. त्यासाठी मी सतरा नियमांची एक पत्रिका छापून घेतली होती आणि प्रत्येकाची तिच्यावर सही घेत असे. नियम तीन : पांढरा सदरा चालणार नाही. नियम आठ : अत्तर लावून येऊ नये. नियम चौदा : विजेरी फक्त मार्गदर्शकाजवळ असेल आणि तिच्या काचेला पतंगाचा लाल कागद बांधलेला असेल. आणि नियम अकरा, ज्याच्याविषयी हा सगळा लेख आहे : अंधार पडू लागताच सर्वांनी आपली घड्याळे, पेजर व मोबाइल फोन मार्गदर्शकाच्या पिशवीत जमा करावेत, ही पिशवी डांबरी रस्त्यावर परत पोहोचेपर्यंत उघडली जाणार नाही. ती मांजरपाटाची पिशवी माझ्या पत्नीने शिवून दिली होती. "लोकांची घड्याळं काढून घेणारा माणूस पूर्वी दरोडेखोर म्हणवला जायचा," असे ती शिवताना म्हणाली होती.

संध्याकाळचे पक्षिनिरीक्षण हे सकाळच्या नेमके उलट असते. सकाळी पक्षी पांगतात, संध्याकाळी गोळा होतात. सकाळी एकेक गोष्ट स्पष्ट होत जाते. संध्याकाळी एकेक गोष्ट आपल्या हातून काढून घेतली जाते, आणि ती काढून घेऊ देणे हेच कौशल्य. मी त्याचे तीन टप्पे शिकवीत असे. पहिला रंगाचा. सूर्य पाठीशी घेऊन उभे राहायचे. बदकाच्या पंखावरचा हिरवा पट्टा, शेकाट्याचे लाल पाय, सगळे दिसते, आणि लोक नावे विचारतात. दुसरा टप्पा आकाराचा. आता वळून पश्चिमेकडे तोंड करायचे. रंग संपलेले असतात. पक्षी काळे होतात आणि केवळ उडण्याच्या ढबीवरून ओळखावे लागतात. नावे कमी होतात. तिसरा टप्पा आवाजाचा. तेव्हा पिशवी फिरवायची आणि वीस मिनिटे कोणी बोलायचे नाही.

त्या वीस मिनिटांत भोरड्या येत. त्यांना पळसमैनाही म्हणतात. गुलाबी अंगाचे, काळ्या डोक्याचे, हजारोंनी राहणारे पक्षी. पण त्या वेळी ना गुलाबी दिसत, ना काळे. आधी धायरीच्या दिशेने आभाळात एक डाग दिसे. तो ताणला जाई, आखडे, उलटा होई. कोणी ओली चादर झटकावी तसा आपल्यावरून जाई आणि परत येई. आपण जमिनीवर उभे आहोत की पाण्यावर, याचा विसर पडे. मग एका क्षणी ती सगळी चादर पाणकणसात ओतली जाई आणि कढईत काहीतरी तळत असल्यासारखा हजारो चोचींचा तडतडाट सुरू होई. हळूहळू तोही विझे. मग बाभळींतून रातबगळे निघत, एकेक, 'वाक्' म्हणून. भोरड्यांची पाळी संपली, रातबगळ्यांची सुरू झाली. माझ्या गटातील निम्मे लोक अमेरिकेच्या वेळेनुसार काम करीत. रातबगळ्यांकडे ते आपल्या माणसाकडे पाहावे तसे पाहत.

सुजाता मेश्राम ही त्यांपैकीच एक. भंडाऱ्याकडची, तलावांच्या मुलखातली. दुसऱ्यांनी लिहिलेल्या संगणकप्रणालीतील चुका शोधणे हे तिचे काम. पहिल्याच दिवशी तिने माझी सतरा नियमांची पत्रिका शेवटपर्यंत वाचली. सहा हिवाळ्यांत असे करणारी ती एकटीच.

"काकाजी, नियम नऊ आणि नियम तेरा एकमेकांच्या विरुद्ध आहेत."

मी घरी जाऊन पाहिले. होते.

ती कसबा पेठेत अण्णा नावाच्या एका वृद्ध तांबटांच्या घरी वरची खोली घेऊन राहत असे. अण्णांनी साठ वर्षे तांब्याच्या भांड्यांना ठोके दिले होते आणि त्या ठोक्यांनी त्यांचे कान नेले होते. सुजाता सांगे, "चार ठिकाणी आडनाव ऐकून खोली नाही म्हणाले जी. इथं मी दोनदा आडनाव सांगितलं. अण्णा दोन्ही वेळा म्हणाले, नळाला पाणी साडेसहाला येतं. लक्षात आलं, हेच आपलं घर." त्यांच्याशी बोलायचे ते पाटीवर लिहून. ती पाटी त्यांच्या मांडीवर सतत असे.

त्या सहाव्या हिवाळ्यात ती अण्णांना घेऊन आली. मी नियमांत पाहिले. बहिऱ्या माणसाला मनाई नव्हती, पण तिसऱ्या टप्प्यात त्यांना मिळणार काय, असा मला प्रश्न पडला. अण्णा घडीच्या खुर्चीवर पाणकणसाजवळ बसले. पिशवी फिरली, सगळे गप्प झाले. भोरड्या आल्या. दोनदा झटकल्या गेल्या आणि तिसऱ्यांदा आमच्या डोक्यांवरून, अगदी हाताच्या अंतरावरून पाणकणसात उतरल्या. अण्णांनी वर पाहिलेच नाही. त्यांनी डोळे मिटून उजवा तळवा गालावर ठेवला.

रस्त्यावर परत आल्यावर ते बहिऱ्या माणसाच्या मोठ्या आवाजात म्हणाले, "अहो, तो वारा नदीचा नव्हता. पंखांचा होता. एका बाजूनं आला, गरम." आणि मग म्हणाले, "घरात सगळे बोलतात, मी एकटा बसतो. इथं वीस मिनिटं सगळेच माझ्यासारखे. बरं वाटलं."

माझ्या नियमांची इतकी नेमकी तरफदारी कोणत्याही वकिलाने केली नसती. त्यानंतर अण्णा दर शनिवारी येऊ लागले.

आता ती संध्याकाळ. भोरड्या झोपल्या होत्या, आम्ही चौदा जण बांधावरून परत निघालो होतो. वाटेत शेताच्या पाटावर एक फरशी टाकलेली होती, ती ओलांडावी लागे. मी विजेरीचे बटण दाबले. लाल कागदामागे काहीतरी क्षणभर मिणमिणले आणि गेले. सेल बदलायला हवेत, हे मला आदल्या शनिवारी जाणवले होते. आठवडाभर मी राडारोड्याविषयीच्या एका पत्रात गुंतलो होतो.

"काकाजी," मागून सुजाता म्हणाली, "पिशवीतले मोबाइल काढा ना. तेवढाच उजेड."

"नियम अकरा," मी म्हणालो.

"पण काहून? बॅटरी तर गेली."

"रस्ता आला की."

रस्ता पन्नास पावलांवर होता. माझ्या खांद्याला अडकवलेल्या पिशवीत बारा मोबाइल होते, त्या काळचे, बोटभर हिरवा उजेड देणारे. बाराही पिशवीतच राहिले. फरशीपाशी अण्णांचा पाय सरकला. ते उजव्या हातावर पडले. "काही नाही! काही नाही!" असे ते ओरडले, आणि आपण किती मोठ्याने ओरडलो हे त्यांना कळले नाही. पाणकणसातला शेवटचा तडतडाट एकदम थांबला. तेवढी शांतता मी वळणावर कधीच ऐकली नव्हती. नंतर तशी शांतता अनेकदा ऐकली, माझ्या घरी, छताकडे पाहत असताना.

मनगट मोडले. अण्णा निवृत्त असले, तरी रोज सकाळी तासभर हातोडी घेऊन बसत आणि आळीतल्या कोणाच्या तरी तांब्याला ठोके देत. ते थांबले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पत्र लिहायला बसलो. माझ्या मनात जे होते त्याला लाज म्हणतात, हे मला आज कळते. त्या सकाळी मला तो संताप वाटला, कारण संतापाचा मसुदा मला चांगला येतो. तीन पृष्ठे, पाच सहपत्रे. सदर ठिकाणी सूर्यास्तानंतर संपूर्ण अंधार असतो. केवळ या अंधारामुळे एका ज्येष्ठ नागरिकास गंभीर दुखापत झालेली आहे. नागरिकांच्या वापरातील वाटेवर एकही दिवा नसणे ही कर्तव्यातील अक्षम्य कसूर होय. तरी तेथे तत्काळ दिव्याची व्यवस्था करावी. विजेरीचा उल्लेख त्यात नव्हता. पिशवीचाही नव्हता.

ज्या कार्यालयाला हे पत्र लिहिले, त्याचे नाव मी येथे मुद्दाम देत नाही. कारण या प्रकरणात त्यांचा काहीही दोष नाही. त्यांनी माझे ऐकले, एवढेच.

पाच आठवड्यांत खड्डा खणला गेला. मी शेकडो पत्रांत ट्रक थांबवा म्हणून लिहिले, ट्रक थांबला नाही. एका पत्रात दिवा मागितला, तर तीन मजली उंचीचा खांब आला. तो रोवण्यासाठी पाणकणसाचा एक मोठा पट्टा कापला गेला. मी गावाला गेलो होतो. परत आलो तेव्हा काम संपलेले होते. त्या शनिवारी गटाबरोबर दीक्षित स्वतः आले होते. रंग गेले, आकार गेले, मी पिशवी फिरवली. धायरीच्या बाजूला डाग दिसू लागला. आणि एक बारीक गुणगुण होऊन तो दिवा लागला.

सगळे पांढरे झाले. पाणी, चिखल, माणसांचे चेहरे. बगळ्याच्या पाठीवरचा उरलेला दिवस कोणी फडक्याने पुसून टाकावा तसा नाहीसा झाला. काही लोकांनी टाळ्या वाजवल्या.

"वा सर!" दीक्षित म्हणाले. "फ्लडलाइट! नाइट मॅचसारखं!"

भोरड्या वर घिरट्या घालत राहिल्या. एकदा खाली आल्या, बिचकल्या, परत वर गेल्या. मग ती चादर लांबट झाली आणि नदीच्या खालच्या अंगाला निघून गेली. पुढच्या शनिवारी डागही दिसला नाही. दिव्यामुळे, की पाणकणीस कापल्यामुळे, हे मी शपथेवर सांगू शकत नाही. दोन्ही गोष्टी माझ्याच पत्रामुळे झाल्या होत्या, हे सांगू शकतो.

मी त्या कार्यालयात गेलो तो आवाज चढवूनच. उपअभियंता पन्नाशीचे, थकलेल्या डोळ्यांचे गृहस्थ होते. त्यांनी मला बसायला सांगितले, चहा मागवला आणि कपाटातून एक फाइल काढली.

"हे पत्र आपलंच ना? अक्षर सुंदर आहे."

"माझेच."

"'तत्काळ' या शब्दाखाली दोन रेघा आहेत. हे बघा. आमचे साहेब म्हणाले, एवढा कळवळून लिहितोय माणूस, एकदा तरी ऐकू या." ते किंचित हसले. "इथं ऐकलं नाही तरी लोक रागावतात. ऐकलं तर काय होतं, ते आज बघितलं."

"तो दिवा बंद करा," मी म्हणालो.

"कारण?"

"तेथे अंधार हवा आहे."

"अंधार मंजूर करायला आमच्याकडे रकाना नाही हो." त्यांनी फाइल माझ्याकडे फिरवली. "हे बघा, चिडू नका. फाइलवर काय आहे? एक अपघात. अपघाताचं कारण अंधार. हे मी नाही लिहिलं, आपण लिहिलंय. उद्या मी दिवा बंद केला आणि दुसरं कोणी पडलं, तर हेच पत्र माझ्या गळ्यात. अपघाताचं कारण दुसरं काही असेल, तर तसं लिहून द्या. मी आज बंद करतो."

मी चहा न पिता उठलो. माझ्यासमोर इतकी बिनतोड बाजू सव्वीस वर्षांत कोणी मांडली नव्हती.

दुसरे कारण होते. ते लिहून दिले, तर आपल्या ताब्यातील गटाची काळजी मी घेतली नाही, हे माझ्याच सहीने सिद्ध होणार होते. आणि असा माणूस कंपनी पुन्हा ठेवणार नाही, हे समजायला विधी विभागाची गरज नव्हती. लिहून दिले नाही, तर भोरड्या गेल्या. मी तीन आठवडे मसुदे केले. एक सुजाताला दाखवला. ती कंपनीच्या फाटकाजवळ उभ्या उभ्या वाचू लागली.

"'सदर प्रसंगी विजेरी कार्यान्वित नसल्याचे निदर्शनास आले.' कोणाच्या निदर्शनास, काकाजी?"

मी पुढच्या ओळीवर बोट ठेवले.

"'दूरध्वनी संच उपलब्ध होऊ शकले नाहीत.' म्हणजे? ते काय रुसून बसले होते पिशवीत?" तिने कागद माझ्या हातात परत दिला. "आमच्याकडे चूक नोंदवायची तर तीनच ओळी लागतात. काय केलं, काय व्हायला पाहिजे होतं, काय झालं. यात काय केलं तेच नाही. चार पानांत एकदाही 'मी' नाही."

मी तिच्यावर चिडलो. तिच्या वरिष्ठांना पत्र लिहावे, असा विचारही एका सकाळी मनात येऊन गेला; तेवढ्या अधोगतीची नोंद येथे करून ठेवतो.

शेवटी मी कसब्यात गेलो. अण्णा ओट्यावर बसले होते, हात गळ्यात बांधलेला. आळीत कोठेतरी ठोके चालू होते. त्यांना ते ऐकू येत नव्हते, पण त्यांचा पाय ताल धरत होता, बहुधा ओट्याच्या दगडातून. मी चौथ्या मसुद्याची घडी खिशातून काढली. अण्णांनी मान हलवली आणि पाटी पुढे केली.

चार पाने पाटीवर मावत नाहीत. पाटीवर तीन ओळी मावतात. मी लिहिले :

'सेल संपले होते, मला ठाऊक होते.
मोबाइल पिशवीत होते, मी काढले नाहीत.
तुम्ही माझ्यामुळे पडलात.'

अण्णांनी चष्मा लावून वाचले. मग पाटी सदऱ्याच्या बाहीने पुसली, डाव्या हाताने, सावकाश.

"हे मला त्याच दिवशी कळलं होतं," ते म्हणाले. आळीतल्या दोन माणसांनी वळून पाहिले, इतक्या मोठ्याने. "सुजातानं पाटीवर लिहिलंन. पडलो तर पडलो. हाड जुळतंय. ते सोडा. वारा कधी यायचा पुन्हा?"

मी पाटी घेतली. कोरीच परत दिली.

घरी येऊन मी त्या तीन ओळी कागदावर उतरवल्या. 'तुम्ही'च्या जागी 'सदर गृहस्थ' घालण्याचा मोह झाला. अण्णांचे नाव घातले. खाली एक ओळ जोडली : 'अंधाराचा दोष नव्हता. दिवा बंद करावा.' माझ्या आयुष्यातील हे सर्वांत लहान पत्र. एक प्रत माहितीसाठी कंपनीला पाठवली. कोणी मागितली नव्हती. पण ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे, त्याच्या मालकाला प्रत देण्याची माझी जुनी पद्धत होती, आणि या वेळी तक्रार माझ्याविरुद्ध होती.

दोन्ही उत्तरे आठवड्याच्या आत आली. कंपनीने माझ्या सेवांबद्दल आभार मानून त्या थांबवल्या. दीक्षितांनी खाली हाताने लिहिले होते, 'सर, सॉरी. सनसेट मिस करीन.' उपअभियंत्यांचे उत्तर पत्र नव्हतेच, त्यांचा घरी फोन आला. "बंद केला. खांब राहील, तो काढायला दुसरा विभाग लागतो. आणि हो, पत्र फाइलला लावलं नाही अजून. दोनदा वाचलं."

तोवर होळी होऊन गेली होती आणि भोरड्या उत्तरेकडे निघून गेल्या होत्या. पावसाळा गेला. पाणकणीस वाढले, खांबाच्या पायाशीसुद्धा.

कार्तिकातल्या एका शनिवारी मी स्कूटर काढली. कोणताही गट नव्हता. नियमांची पत्रिका नव्हती. विजेरीत नवे सेल होते, आणि आणखी एक विजेरी सुजाताच्या पर्समध्ये होती, कारण तिचा माझ्यावर विश्वास नव्हता. ती रिक्षातून अण्णांना घेऊन आली. त्यांचे मनगट थोडे वाकडे जुळले होते. ठोके पूर्वीसारखे पडत नाहीत म्हणाले, पण पडतात. आम्ही त्यांची घडीची खुर्ची पाणकणसाजवळ मांडली. वर तो खांब काळा, मुका, निरुपयोगी उभा होता. त्याच्या टोकावर एक बगळा येऊन बसला, आणि मला त्या खांबाविषयी प्रथमच थोडी आपुलकी वाटली.

दोन्ही सूर्यास्त झाले, आधी काचेतला, मग खरा. रंग गेले. बदके काळी झाली आणि मग नुसती पाण्यावरची हालचाल झाली. मी सवयीने पिशवी पुढे केली. सुजाताने आपला मोबाइल तिच्यात टाकला आणि हळूच म्हणाली, "तोंड बांधू नका, काकाजी."

मी बांधले नाही.

आम्ही पश्चिमेकडे पाहत उभे राहिलो. धायरीच्या बाजूला काही नव्हते. आभाळ आधी केशरी, मग राखेसारखे, मग ज्याला नाव नाही अशा रंगाचे झाले. बराच वेळ गेला. पहिला रातबगळा 'वाक्' करून निघून गेला. पाळी बदलली, आता कोणी यायचे नाही, असे मी मनात लिहिले, आणि कधी नव्हे ते त्याखाली दोषी म्हणून कोणाचे नाव घालावे हे मला सुचेना. सुजाताही खाली पाहू लागली होती. मी अण्णांना उठवण्यासाठी वळलो.

अण्णांचे डोळे मिटलेले होते. त्यांचा वाकडा जुळलेला उजवा हात मांडीवरून हळूहळू वर येत होता. मी वर पाहण्याआधीच त्यांचा तळवा गालावर टेकला होता.